ओहोटी की उन्हाळा? टाइडपूलची एक फिल्म आणि नागपूरचा सातवीचा वर्ग

चोवीस मिनिटांची एक फिल्म. विषय कोकणातल्या खडकाळ किनाऱ्यावरचे टाइडपूल, म्हणजे ओहोटीला समुद्र मागे हटला की खडकाच्या खळग्यांत उरणारं पाणी आणि त्यात राहणारे जीव. प्रेक्षक नागपूरच्या एका शाळेतली सातवीची मुलं, त्यातल्या जवळपास कुणीच समुद्र पाहिलेला नाही. फिल्म मुलांना मनापासून आवडली आणि तिचा मूळ मुद्दाच त्यांच्यापर्यंत पोचला नाही. असं का झालं, त्यावर कुणी काय सुचवलं, शेवटी काय केलं आणि काय बदललं, ते इथे सविस्तर लिहिते. मी कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवते. शाळांमध्ये फिल्म दाखवून मुलांशी बोलायची बाजू माझ्याकडे होती.

फिल्म करणाऱ्या सागरी जीवशास्त्रज्ञ मूळच्या नागपूरच्याच. आम्ही सगळे त्यांना ताई म्हणतो, इथेही तेच ठेवते. प्राणिशास्त्रातलं एम.एस्सी. त्यांनी इथेच केलं, मग रत्नागिरीला गेल्या आणि बरीच वर्षं खडकाळ किनाऱ्यावरच्या जीवांच्या नोंदी करण्यात घालवली. आईवडिलांसाठी परत यावं लागलं, तेव्हा आता यांचा समुद्र सुटला असंच सगळ्यांना वाटलं. नागपूर ते मुंबई रेल्वेने आठशे किलोमीटरच्या वर, कोकण त्याच्याही पुढे. ताईंनी हिशेब वेगळा मांडला. हिवाळ्यात किनाऱ्यावर जाऊन चित्रीकरण करायचं आणि उरलेलं वर्ष नागपुरात बसून ते कापायचं, जोडायचं, विदर्भातल्या शाळांना दाखवायचं. मुंबईच्या मुलांना ओहोटीच्या वेळी खडकांवर नेऊन हे जीव दाखवणारे लोक आहेत. ‘मरीन लाइफ ऑफ मुंबई’ हा उपक्रम २०१७ पासून चालू आहे. आपल्याकडच्या मुलाला हे कोण दाखवणार, एवढाच ताईंचा प्रश्न होता, आणि मला तो अतिशय रास्त वाटतो.

हेदवीचा खडक

चित्रीकरण झालं गुहागर तालुक्यात, हेदवीला. तिथे काळा बसाल्ट थेट समुद्रात उतरलेला आहे. बामणघळ नावाची एक अरुंद भेग आहे, भरतीला तिच्यात लाट घुसली की पाणी उंच उसळतं. पर्यटक ते बघून परत फिरतात. ताईंचं काम त्याच खडकावर, थोडं बाजूला, गुडघाभरही खोल नसलेल्या खळग्यांत.

या कामाचा दिवस घड्याळावर ठरत नाही, तिथीवर ठरतो. एका भरतीपासून दुसरी भरती साधारण १२ तास २५ मिनिटांनी येते, त्यामुळे रोजची वेळ जवळपास ५० मिनिटांनी पुढे सरकते. अमावास्या-पौर्णिमेला, खरं तर त्यानंतर एक-दोन दिवसांनी, उधाण सर्वांत मोठं असतं. तेव्हा पाणी जितकं वर चढतं तितकंच खालीही उतरतं आणि एरवी बुडालेला खालचा खडक उघडा पडतो. अष्टमीच्या आसपास भांगाची भरती, तेव्हा पाणी ना फार चढतं ना फार उतरतं. आता अडचण अशी की आपल्या किनाऱ्यावर उधाणाची ओहोटी येते सकाळी-संध्याकाळी सहा-सातच्या सुमाराला. भर दुपारची ओहोटी मिळते अष्टमीला, आणि ती कमजोर. म्हणून टाइडपूलचं चांगलं चित्रीकरण कोकणात बहुतेक तिरप्या, कमी उजेडातच करावं लागतं. पाण्याच्या पृष्ठभागावरची चकाकी मारायला लेन्सवर पोलरायझर लावला की उजेड आणखी कमी. मॅक्रो लेन्सने जवळून टिपायचं तर फोकस जेमतेम काही मिलिमीटरचा. त्यात प्राणी हलतो, पाणी हलतं, आणि कोवळं ऊन खडकाच्या सावलीतून बाहेर येईपर्यंत समुद्र परतायला लागलेला असतो.

फिल्ममधला मला सर्वांत आवडणारा तुकडा बार्नकलचा आहे. खडकावर पांढुरके, टोकाशी भोक असलेले खरबरीत उंचवटे दिसतात, तेच बार्नकल. बघणाऱ्याला तो खडकाचाच भाग वाटतो. प्रत्यक्षात तो कोळंबी-खेकड्यांचा नातेवाईक. पिल्लू असताना पाण्यात तरंगत असतो, मग जागा निवडतो, डोक्याच्या बाजूने खडकाला कायमचा चिकटतो आणि भोवती चुनखडीच्या पट्ट्यांची भिंत उभारतो. डार्विन या एका प्राणिगटामागे १८४६ ते १८५४ अशी आठ वर्षं होता. ताईंच्या शॉटमध्ये खडक आधी कोरडा आहे. एक लाट येते, जाते, काही होत नाही. दुसरी येते, थोडी वर चढते. मग पाणी थांबतं, आणि त्या भोकातलं दार मधोमध फटतं. आतून पिसासारख्या पायांचा एक झुपका बाहेर येतो, उलगडतो, पाण्यातून फिरतो, मिटून आत जातो. पुन्हा बाहेर. पायांच्या सहा जोड्या, आणि त्यांचं काम चालणं नव्हे, पाण्यातलं सूक्ष्म अन्न गाळून तोंडाशी नेणं. एक उघडला की शेजारचा, मग त्याच्या शेजारचा. बघता बघता अख्खा खडक जेवायला बसलेला. पाणी असेतोवरच जेवण. गेलं की दार बंद.

हे चित्रीकरण चालू असताना खालच्या खडकावर कालवं, म्हणजे खडकाला चिकटलेले खायचे शिंपले, काढणाऱ्या बायका असत. पाण्याकडे पाठ करून, वाकून, टोकदार हत्याराने खडकावरचं कालव उचकटायचं काम. त्यांतली एखादी मान वर न करता ओरडायची, “ताई, पाणी भरतंय, वर या आता.” घड्याळ कुणाच्याच हातात नसायचं. ही गोष्ट मला ताईंनी सहज, चहा पिता पिता सांगितली होती. पुढे सगळं प्रकरण याच गोष्टीपाशी येऊन ठेपलं.

चित्रांतला सूर्य

पहिला कट, म्हणजे फिल्मची पहिली जुळणी, देखणा होता. सुरुवात समुद्रफुलाच्या, म्हणजे सी ॲनिमोनच्या क्लोजअपने. मग शंखात राहणारे खेकडे, खडकाच्या फटीतला ऑक्टोपस, खडकाला घट्ट धरून बसलेले लिंपेट (टोपीसारख्या शंखाच्या गोगलगायी), दगडाच्याच रंगाचे छोटे मासे, शेवटी बार्नकल. निवेदन ताईंच्याच आवाजात, शांत आणि नेमकं. त्यात एक वाक्य होतं: पाणी ओसरल्यावर मागे राहिलेलं हे जग.

फिल्म संपली की मुलांना कागद देऊन ‘तू काय पाहिलंस’ याचं चित्र काढायला सांगायचं, ही माझी नेहमीची पद्धत. प्रश्न विचारले की मुलं शिक्षकांना हवं ते उत्तर देतात. चित्रात तसं जमत नाही.

चित्रं बघताना आधी काही खटकलं नाही. खेकडे होते, फुलं होती, ऑक्टोपसचे आठ पाय मोजून काढलेले होते. मग लक्षात आलं की समुद्र कुठेच नाही. बहुतेक कागदांवर एक गोल तळं होतं, बरंचसं आटलेलं. काठाला भेगाळलेली जमीन. वर भलामोठा सूर्य. एका चित्रात काठावर हातपंप. दोन-तीन चित्रांत डोक्यावर पाण्याचे गुंड घेतलेल्या बाया. एका मुलीला विचारलं, हे कधीचं चित्र आहे गं? ती म्हणाली, “मे महिन्याचं. पाणी आटलं न, मॅडम. आता पाऊस आला की सुटतील ते.”

मागच्या बाकावरच्या मुलाचा प्रश्न होता, “पण ते जून लागेपर्यंत जगतात कसे?”

हा प्रश्न ऐकून ताई बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मुलांनी फिल्म नीट पाहिली होती, अगदी बारकाईने. फक्त ‘पाणी ओसरलं’ याचा अर्थ त्यांनी आपल्या अनुभवातून लावला होता. विदर्भात पाणी उतरतं ते महिन्या-महिन्याने. होळी झाली की विहीर खाली जायला लागते, मे महिन्यात तळ्याचा काठ आत सरकतो, मधे डबकं उरतं, त्यात मासे तडफडतात, आणि सगळे मृगाची वाट बघतात. त्या हिशेबाने हेदवीचा टाइडपूल म्हणजे दुष्काळात अडकलेले जीव. दिवसातून दोनदा उघडणारं आणि दोनदा बुडणारं जग ही कल्पनाच चित्रांत कुठे नव्हती, कारण फिल्ममध्येही ती नव्हती. चोवीस मिनिटांत एकदाही पाणी जाताना किंवा येताना पूर्ण दिसत नव्हतं. किनाऱ्यावर राहणाऱ्याला ते दाखवायची गरज नसते, कालवं काढणाऱ्या बाईला ते मान वर न करता कळतं.

सातवीच्या भूगोलात भरती-ओहोटीचा पाठ आहे. याच मुलांना मी विचारलं, तर चंद्राचं गुरुत्वाकर्षण, केंद्रोत्सारी बल, उधाण, भांग हे सगळं धडाधड सांगितलं. पाठ पक्का होता. तो पाठ आणि पडद्यावरचं डबकं यांचा एकमेकांशी काही संबंध आहे, हे मात्र कुणी त्यांना दाखवलं नव्हतं.

चार सूचना

पहिली सूचना सर्वांत सोपी, शाळेतल्या एका बाईंची: निवेदनात एक वाक्य वाढवा, ‘हे रोज दोनदा घडतं’. करून बघायला काहीच खर्च नव्हता. त्याच शाळेतल्या दुसऱ्या तुकडीला फिल्म दाखवण्याआधी मी ते वाक्य स्वतः सांगितलं, दोनदा. मुलांनी माना डोलावल्या. चित्रांत पुन्हा सूर्य आणि भेगाळलेली जमीन.

दुसरी सूचना ॲनिमेशनची. पृथ्वी, चंद्र, पाण्याचा फुगवटा, बाण. मला हे पटलं नाही आणि तसं मी म्हटलंही. ती आकृती मुलांच्या पुस्तकात होतीच, पाठही होती. बाणांवरून चिखलाचा वास आणि कोरडा पडलेला खडक मनात येत नाही.

तिसरी सूचना फिल्मला थोडी मदत करणाऱ्या एका गृहस्थांची. प्राणी टाकीत घालून नागपुरातच आणा, इथे मोठी टाकी करू, स्टुडिओत हवा तितका उजेड, मुलांना प्रत्यक्षही दाखवता येतील. हेतू चांगला होता. ताईंनी तिथल्या तिथे नाही म्हटलं, आणि का ते नीट समजावलं. टाइडपूलमधले जीव उन्हातान्हाला, कमी-जास्त खाऱ्या पाण्याला सरावलेले असतात हे खरं. पण ते सहन करतात ते काही तास, कारण त्यानंतर समुद्र परत येणार असतो. दोन दिवसांचा प्रवास आणि मग परतीचा रस्ताच नाही, ही त्यांच्या अंगात नसलेली परीक्षा आहे. शिवाय प्रवाळ, समुद्रकाकडी असे यांतले काही जीव १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली येतात, त्यांना हात लावायचा प्रश्नच नाही. फिल्ममधले मोजके शॉट ताईंनी काचेच्या अरुंद टाकीत घेतले आहेत, पण ती टाकी त्याच खडकावर ठेवलेली, पाणी त्याच खळग्यातलं, आणि काही मिनिटांत प्राणी जिथून घेतला तिथेच परत. त्या शॉटवर तसं लिहिलेलंही असतं. प्राण्यांच्या फिल्ममध्ये काय रचलेलं आणि काय घडलेलं हे बघणाऱ्याला कळलं पाहिजे, यावर ताई फार कडक आहेत. मला वाटतं त्यांच्या कामाची किंमत तिथेच आहे.

चौथी सूचना एडिटिंग करणाऱ्या मुलाची. तो एरवी लग्नाच्या फिल्म करतो, हात चांगला आहे. “मॅडम, पाणी येतंजातं ते फास्ट करून टाकू न. दहा सेकंदात. वरून म्युझिक.” या सूचनेतला अर्धा भाग आम्ही घेतला आणि तोच निर्णायक ठरला.

एक खडक, एक फ्रेम

पाणी वेगाने दाखवायचं तर मुळात तसं चित्रीकरण हवं, आणि ते नव्हतं. माघ पौर्णिमा उलटल्यावर ताई पुन्हा हेदवीला गेल्या. या वेळी कॅमेरा खळग्यात नाही, वर, भरतीच्या रेषेच्याही वर, खडकाला पट्ट्याने बांधलेल्या ट्रायपॉडवर. खाली फ्रेममध्ये डावीकडे समुद्र, मधे उतरता खडक, उजवीकडे एकच टाइडपूल. फ्रेम लावली की दिवसभर हलवायची नाही. दर दहा सेकंदांनी एक चित्र. सकाळी साडेसहाच्या ओहोटीपासून दुपारी पाऊणच्या भरतीपर्यंत, आणि तिथून संध्याकाळी सातच्या ओहोटीपर्यंत. १२ तास २५ मिनिटांचं हे पूर्ण चक्र म्हणजे ४,४७० चित्रं. सेकंदाला २५ या वेगाने पडद्यावर ती १७९ सेकंद चालतात.

जवळजवळ तीन मिनिटं, एकच खडक. यावर आमच्यात चांगलीच वादावादी झाली. एडिटिंगवाल्या मुलाचं म्हणणं, सुरुवातीलाच तीन मिनिटं दगड दाखवला तर पोरं उठून जातील. ताईंचं म्हणणं, पाणी जाताना बघायचं तर जाण्याला वेळ लागतो हेही दिसायला पाहिजे. दहा सेकंदांत केलं की ती जादू होते आणि जादूवर प्रश्न पडत नाहीत. मी ताईंच्या बाजूने होते. शेवटी तुकडा पूर्ण ठेवला, संगीत काढलं, किनाऱ्याचा खरा आवाज ठेवला आणि कोपऱ्यात पळणारं घड्याळ दिलं, म्हणजे वेळ आखडली आहे हे लपत नाही. त्यानंतर लगेच बार्नकलचा शॉट, खाली अक्षरं: खऱ्या वेगात.

विज्ञानाच्या फिल्ममध्ये वेळेशी किती खेळावं हा वाद जुना आहे. फ्रान्सचे झाँ पँलव्हे (१९०२–१९८९) समुद्री जीवांच्या फिल्म करायला लागले, तेव्हा सिनेमा हे शास्त्रज्ञाचं काम नव्हे म्हणून त्यांना विरोध झाला होता. पण वेग वाढवल्याशिवाय किंवा मंदावल्याशिवाय काही गोष्टी माणसाच्या डोळ्याला दिसतच नाहीत. पाण्याचं चढणं इतकं सावकाश की किनाऱ्यावर बसूनही कळत नाही. पिस्तुल कोळंबीचा पंजा याच्या उलट. तो इतक्या झपाट्याने मिटतो की पाण्यात एक बुडबुडा तयार होतो, आणि आवाज येतो तो पंजे आपटल्याचा नसून बुडबुडा कोसळल्याचा, हे अतिवेगवान कॅमेऱ्याच्या मदतीने २००० साली सिद्ध झालं. पाण्याखालच्या मायक्रोफोनमध्ये ही तडतड सतत ऐकू येते. आमच्या एडिटिंगवाल्याने ती वायरीचा दोष समजून पुसून टाकली होती. ताईंनी ती परत घ्यायला लावली.

नव्या सुरुवातीसाठी जागा करायची म्हणून ऑक्टोपसचा अर्धा भाग कापला. तो मला अजूनही खटकतो, पण वर्गाचा तास पस्तीस मिनिटांचा असतो आणि बोलायलाही वेळ हवा.

दुसरी शाळा

नवा कट वेगळ्या शाळेत, पुन्हा सातवीलाच दाखवला. पहिलं मिनिट वर्गात चुळबुळ होती. मग पाणी चढत चढत टाइडपूलच्या काठाशी आलं. एक लाट आत शिरली, दुसरी, आणि खळगा दिसेनासा झाला. “बुडलं! डबकं बुडलं!” असा गलका झाला. दुपारच्या भरतीला फ्रेमभर नुसता समुद्र होता, खडकाचा पत्ता नाही. मग तो उतरायला लागला आणि मुलं पैजा लावायला लागली की डबकं आधी दिसेल की वरचा पांढरा पट्टा.

“हे रोजचंच आहे का, मॅडम?”

“रोज दोनदा.”

“दोनदा? बाप्पा!”

चित्रं या वेळी वेगळी आली. बऱ्याच जणांनी कागदाचे चार भाग पाडले होते आणि प्रत्येकात तोच खडक, पाणी वर-खाली. काहींनी कोपऱ्यात घड्याळ काढलं. समुद्र सगळ्यांच्या कागदावर होता. सूर्य काहींच्या चित्रात होता, पण आता तो सकाळी एका बाजूला आणि संध्याकाळी दुसऱ्या.

मला चित्रांपेक्षाही प्रश्न मोलाचे वाटले. एका मुलीने विचारलं, “सगळ्यात वर चिकटलेल्याला पाणी कमी वेळ मिळतं न? मग तो काहून तिथं चिकटला? खाली जायचं होतं.” हा प्रश्न जीवशास्त्रात खरोखर विचारला गेला आहे. जोसेफ कॉनेल यांनी १९६१ साली स्कॉटलंडच्या किनाऱ्यावरच्या कामातून त्याचं उत्तर दिलं. तिथे बार्नकलच्या दोन जाती, एक वरच्या पट्ट्यात, एक खालच्या. वरची जात खालीही जगू शकते, पण खाली दुसरी जात भराभर वाढून तिला चेपते, उखडते. खालची जात वर टिकत नाही, कारण कोरडं पडणं तिला सोसत नाही. वर सुकण्याची भीती, खाली शेजाऱ्याची. मुलीला हे सांगितलं तर ती म्हणाली, म्हणजे वर त्रास आहे पण जागा आपली आहे. पहिल्या कटनंतर हा प्रश्न येणं शक्यच नव्हतं. दुष्काळात अडकलेला प्राणी वर का, खाली का, असं कुणी विचारत नाही.

कोरडं पडल्यावर हे जीव काय करतात, ते नागपूरच्या मुलांना समजावणं मात्र मुंबईच्या मुलांपेक्षा सोपं गेलं. मे महिन्यात दुपारी बारा ते चार आपण दारं-खिडक्या लावून, कूलरसमोर ओल धरून बसतो, तसंच लिंपेट कवच खडकावर दाबून आतलं पाणी धरून ठेवतो आणि ऊन उतरायची वाट बघतो. पंचेचाळीस अंश काय असतं हे इथे कुणाला सांगावं लागत नाही.

दगडाचंही तेच. ताईंनी मुलांना सेमिनरी हिल्सवर नेलं. टेकडीचा काळा दगड बसाल्टच, साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. तो लाव्हा कोकणापासून थेट इथपर्यंत पसरला, नागपूर म्हणजे त्याच्या पूर्वेकडच्या कडेचा भाग. लाव्हा थंड होताना वायूचे बुडबुडे अडकून राहिलेली बारीक भोकं दगडात असतात. मुलांनी त्यांत बोटं घालून बघितली. हेदवीच्या खडकातल्या अशाच भोकांत वाटाण्याएवढ्या गोगलगायी उन्हाच्या वेळी जाऊन बसतात, हे ताईंनी तिथे, दगडावर हात ठेवून सांगितलं. पडद्यावरचा खडक त्यानंतर मुलांना परका राहिला नाही.

एक गोष्ट नव्या कटमध्येही नीट साधली नाही: आकार. बार्नकल पडद्यावर ताटाएवढा दिसतो, तर मुलांना तो तेवढाच वाटला. ताईंकडे एक रुपयाचं नाणं शेजारी ठेवून घेतलेले शॉट होते, ते घातले. पण नाणं आलं की मुलांचं लक्ष नाण्यावर. आता ताई स्वतःचं बोट फ्रेममध्ये ठेवून बघणार आहेत. याचा निकाल अजून लागायचा आहे.

तिथीची पाऊणपट

कोकणात भरतीची वेळ काढायचा जुना ठोकताळा आहे: तिथीच्या आकड्याची पाऊणपट करायची, येईल तो भरतीचा तास. चतुर्थी असेल तर चार गुणिले पाऊण, म्हणजे तीन. पहाटे तीनला आणि दुपारी तीनला भरती, आणि त्यानंतर सहा तासांनी, नऊच्या आसपास, ओहोटी. तासभर मागेपुढे होतं, ठिकाणानुसार बदलतं, नेमकं हवं तर भरती-ओहोटीचा तक्ताच बघावा लागतो. पण अंदाज बांधायला पुरेसं आहे. नागपुरात भरती-ओहोटीचा तक्ता कुणाच्या घरी नसतो, तिथी मात्र प्रत्येक घरातल्या कॅलेंडरवर असते.

हे वर्गात सांगितल्यावर जे झालं ते कुणी योजलेलं नव्हतं. एक मुलगी म्हणाली, संकष्टीला माझी आई चंद्र उगवेपर्यंत जेवत नाही, तो नऊच्या आगेमागे उगवतो, म्हणजे तेव्हा तिकडे ओहोटी? ताई म्हणाल्या, हो, आपल्या किनाऱ्यावर चंद्र उगवताना साधारण ओहोटीच असते. त्या मुलीने मग पंधरा दिवसांच्या तिथी फळ्यावर लिहून पाढा म्हणावा तशा वेळा काढल्या. अष्टमीला भरती सहाला आली आणि ओहोटी दुपारी बाराला, तेव्हा पाठीमागून कुणीतरी ओरडलं, “मंग ताई दुपारी काहून नाही काढत फोटो? उजेड असतो.” तर पाठातली भांगाची भरती आठवून दुसऱ्यानेच उत्तर दिलं की अष्टमीला पाणी नीट उतरतच नाही.

ताईंचं पुढचं काम कालवांवर आहे, आणि त्या बायकांवरही, ज्या ती काढतात. त्यासाठी पौष महिन्यात हेदवीला जायचं आहे. तारखा काढायचं काम त्यांनी या वर्गाला दिलं. मुलांनी आधी पौर्णिमाच धरली, मग लक्षात आलं की तेव्हाची ओहोटी पहाटे पाच-सव्वापाचला, काळोखात. प्रतिपदेलाही जानेवारीतला सूर्य उगवण्याआधीच पाणी तळाला गेलेलं, आणि द्वितीयेला सूर्य जेमतेम उगवलेला. चतुर्थीला उजेड भरपूर, पण तोवर उधाण कमी झालेलं आणि कालवांचा खालचा खडक अर्धा पाण्यात. बराच काथ्याकूट होऊन तृतीया ठरली, आणि ढगाळ निघालं तर म्हणून आदल्या दिवशीची द्वितीया हाताशी. ताईंनी तक्त्याशी ताडून पाहिलं. रत्नागिरीकडची वेळ ठोकताळ्यापेक्षा थोडी लवकर होती, ती मुलांच्या वहीत दुरुस्त केली, तिथी तीच ठेवली आणि त्या दोन दिवसांच्या हिशेबाने गाडीचं आरक्षण केलं.